दोन रिळांत मावलेले रोजचे जगणे: चॅप्लिनच्या म्युच्युअल लघुपटांचा संच

चार्ली चॅप्लिनने १९१६ आणि १९१७ या दोन वर्षांत म्युच्युअल फिल्म कॉर्पोरेशन या कंपनीसाठी केलेले बारा विनोदी मूकपट एकत्र असलेला संच फ्लिकर ॲली या प्रकाशनसंस्थेने २०१४ साली काढला. त्यात ब्लू-रे आणि डीव्हीडी अशा दोन्ही प्रकारच्या तबकड्या आहेत, चॅप्लिनचे अभ्यासक जेफ्री व्हान्स यांचे लेखन असलेली पुस्तिका आहे आणि दोन माहितीपट आहेत. मूकपटांतला विनोद म्हणजे धावपळ, पाठलाग आणि तोंडावर फेकलेला केक, अशी ज्यांची समजूत असेल त्यांनी हा संच अवश्य पाहावा. धावपळ आणि पाठलाग इथेही भरपूर आहे. पण या लघुपटांचा खरा विषय नोकरी, मालक, गिऱ्हाईक, भूक आणि खिशातले शेवटचे नाणे हा आहे, आणि तो ज्या बारकाईने हाताळलेला आहे ती बारकाई पुढच्या काळातल्या पुष्कळ गंभीर चित्रपटांतही आढळत नाही.

या बारा लघुपटांमागचा करार समजून घेतल्याशिवाय त्यांची जडणघडण समजत नाही. फेब्रुवारी १९१६ मध्ये म्युच्युअलने चॅप्लिनला आठवड्याला १०,००० डॉलर पगार आणि करारावर सही करण्याचे आणखी १,५०,००० डॉलर देऊ केले. तेव्हा तो सव्वीस वर्षांचा होता. १९१४ मध्ये कीस्टोन कंपनीत त्याला आठवड्याला १५० डॉलर मिळत होते, तर १९१५ मध्ये एसने कंपनीत १,२५०. एवढ्या पैशाच्या बदल्यात त्याने बारा महिन्यांत प्रत्येकी दोन रिळांचे, म्हणजे वीस-पंचवीस मिनिटांचे, बारा चित्रपट द्यायचे होते. सुरुवातीला त्याने महिन्याला एक हा वेग राखला, पण काम जसजसे मनाजोगते होत गेले तसतसा एकेका चित्रपटाला अधिकाधिक वेळ लागू लागला, आणि ‘द फ्लोअरवॉकर’ या मे १९१६ मधल्या पहिल्या लघुपटापासून ऑक्टोबर १९१७ मधल्या ‘द ॲडव्हेंचरर’पर्यंत जवळजवळ दीड वर्ष गेले. लॉस एंजेलिसमधला लोन स्टार स्टुडिओ त्याच्या दिमतीला होता. (याच जागेत पुढे विनोदी मूकपटांतला दुसरा मोठा नट बस्टर कीटन याने आपले लघुपट केले, म्हणजे अमेरिकी विनोदी मूकपटांचा बराच मोठा ठेवा त्या एका आवारात तयार झाला.) पैशाने चॅप्लिनला मुख्यतः एक गोष्ट मिळवून दिली, ती म्हणजे तोच प्रसंग मनासारखा होईपर्यंत पुन्हापुन्हा चित्रित करण्याची मोकळीक.

त्याची पद्धतही इथे महत्त्वाची आहे. लिहिलेली पटकथा हातात घेऊन तो सुरुवात करत नसे. आधी एक जागा उभी करायची, ती जागा ज्या वस्तूंनी भरलेली असते त्या वस्तू आणायच्या, त्या वस्तूंशी खेळता खेळता काय सुचते ते पाहायचे आणि मग त्यातून गोष्ट शोधायची, असा त्याचा क्रम होता. त्यामुळे बहुतेक लघुपट एखाद्या ओळखीच्या ठिकाणाभोवती रचलेले आहेत: मोठे दुकान, अग्निशामक केंद्र, शिंप्याचे दुकान, गहाणवटीचे दुकान, चित्रपटाचा स्टुडिओ, उपाहारगृह आणि स्केटिंगची जागा, गरीब वस्तीतली गल्ली, आरोग्यधाम, स्थलांतरितांचे जहाज. ही यादी वाचली तरी त्या काळच्या शहरात माणसे कुठे राबत होती, कुठे खर्च करत होती आणि कुठे अडचणीत सापडत होती याचा बऱ्यापैकी नकाशा डोळ्यांसमोर येतो. जागा आधी आणि गोष्ट नंतर या क्रमामुळे जागेचे नियम फार नीट दिसतात. तिथे काउंटरच्या कोणत्या बाजूला कोण उभे राहते, पैसे कोण मोजते, कोणाला टोपी काढावी लागते आणि कोणाला नाही, हे सगळे कळल्याशिवाय तिथला विनोद उभाच राहत नाही.

संचाच्या चित्रदर्जाकडे वळतो, कारण रोजच्या जगण्याच्या चित्रणाशी त्याचा थेट संबंध आहे. हे लघुपट इतके लोकप्रिय होते की त्यांच्या प्रती अक्षरशः झिजेपर्यंत दाखवल्या गेल्या. १९३२ मध्ये ॲमेडी व्हॅन ब्युरेन या निर्मात्याने ते प्रत्येकी १०,००० डॉलरना विकत घेतले आणि त्यांना संगीत व ध्वनिपरिणाम जोडून पुन्हा प्रदर्शित केले. पिढ्यान्‌पिढ्या बहुतेकांनी पाहिल्या त्या अशाच प्रतींच्या प्रतींच्या प्रती: कडा कापलेल्या, चेहरे पांढरेफटक झालेले, मागच्या भिंती काळ्या डागात बुडालेल्या. वेगाचाही घोळ होता. मूकपटांचे कॅमेरे हाताने फिरवले जात आणि सेकंदाला सोळा ते वीसच्या आसपास चौकटी, म्हणजे एकेक स्थिर चित्रे, टिपल्या जात. त्याच चौकटी बोलपटांच्या ठरलेल्या चोवीसच्या वेगाने दाखवल्या की माणसे बाहुल्यांसारखी टुणटुणत चालतात. मूकपटांतली माणसे हास्यास्पदरीत्या भराभर हालतात ही समजूत बरीचशी या चुकीच्या वेगातून आलेली आहे. काही प्रसंगांत चॅप्लिनने कॅमेरा मुद्दाम हळू फिरवून हालचालींना वेग आणला आहे, पण तो कुठे आणि किती हे त्याने ठरवलेले होते.

पॅरिसची लॉब्स्टर फिल्म्स ही कंपनी आणि इटलीतील चिनेतेका दी बोलोन्या हे चित्रपट-संग्रहालय यांनी जगभरातल्या संग्रहांतून जुन्या ३५ मिलिमीटर प्रती जमवून या बाराही लघुपटांचे पुनरुज्जीवन केले आणि या संचात तेच काम आपल्यासमोर येते. त्याचा परिणाम केवळ सुखद नाही, आशयाच्या दृष्टीनेही मोठा आहे. दुकानाच्या फळ्यांवर काय मांडले आहे, मागच्या बाकावर बसलेल्या बाईच्या शालीची वीण कशी आहे, कोपऱ्यातल्या म्हाताऱ्याच्या चेहऱ्यावर कंटाळा आहे की भीती, हे आता दिसते. चॅप्लिन कॅमेरा फारसा हलवत नाही आणि माणसाला पायापासून डोक्यापर्यंत दाखवतो. म्हणून चौकटीचे चारही कोपरे वाचता येणे त्याच्या चित्रपटांना फार आवश्यक असते. वेगवेगळ्या प्रतींतून तुकडे जोडल्यामुळे मध्येच एखादे दृश्य आधीच्यापेक्षा दाणेदार किंवा मऊ दिसते, आणि ते डोळ्यांना जाणवते. तरीही तो दोष मी पुनरुज्जीवन करणाऱ्यांच्या माथी मारणार नाही. खराब तुकडा गाळून प्रसंग लंगडा करण्यापेक्षा तो आहे तसा ठेवणे केव्हाही योग्य.

या संचातल्या एकाच लघुपटावर बोट ठेवायचे झाले तर मी ‘द पॉनशॉप’वर ठेवीन. गहाणवटीचे दुकान चॅप्लिनने लहानपणी आतून-बाहेरून पाहिलेले होते. लंडनच्या लॅम्बेथ भागात आईबरोबर काढलेल्या हलाखीच्या दिवसांत मोठ्या भावाचा सूट सोमवारी गहाण पडायचा आणि शनिवारी सुटायचा, अशी आठवण त्याने आत्मचरित्रात सांगितली आहे. चित्रपटात मात्र चार्ली, म्हणजे पडद्यावरचा चॅप्लिन, काउंटरच्या पलीकडे, म्हणजे नोकराच्या जागी आहे, आणि त्यामुळे त्याला गहाण ठेवायला येणाऱ्यांकडे दुकानदाराच्या नजरेने पाहता येते. एक म्हातारा रडतरडत येतो, लग्नाची अंगठी गहाण टाकतो आणि असा काही हेलावणारा अभिनय करतो की चार्ली विरघळून त्याला पैसे देतो. मग सुटे परत देण्यासाठी तो म्हातारा खिशातून नोटांचे जाडजूड भेंडोळे बाहेर काढतो. या छोट्या प्रसंगात दुकानदाराच्या मनातला कायमचा संशय आणि त्या संशयाचे कारण अशी दोन्ही बाजूंची ओळख आहे.

आणि मग ते घड्याळ. आल्बर्ट ऑस्टिन हा लांबुडक्या चेहऱ्याचा नट एक गजराचे घड्याळ घेऊन येतो. चार्ली त्याला स्टेथोस्कोप लावतो, गुडघा ठोकून पाहावा तसे ठोकून पाहतो, त्याला भोक पाडतो, डबा फोडायच्या हत्याराने त्याचे झाकण उघडतो, वास घेतो, तेल घालतो, पोटातली स्प्रिंग हात-हात लांब उपसून काढतो आणि शेवटी काउंटरवर वळवळणारे सगळे सुटे भाग ऑस्टिनच्याच टोपीत भरून, नकारार्थी मान हलवून परत करतो. या प्रसंगाची तारीफ पुष्कळांनी केली आहे, पण बहुधा त्यातल्या कल्पनाशक्तीची, म्हणजे घड्याळ कधी रोगी होते, कधी तिजोरी होते, कधी डब्यातले मासे होते याची. माझ्या मते त्याइतकेच महत्त्वाचे आहे ते चार्लीच्या चेहऱ्यावरचे धंदेवाईक गांभीर्य. डॉक्टर रोग्याला तपासताना, जवाहिऱ्या हिरा पारखताना आणि कारागीर वस्तू उघडताना जसा आपल्याकडे न पाहता वस्तूकडे पाहतो, तसा तो पाहतो. या प्रत्येक व्यवसायातली हाताची लकब इतकी अचूक उचललेली आहे की चुकीच्या वस्तूवर केलेली असूनही ती ओळखू येते. आणि ऑस्टिनचा चेहरा पाहा: आपल्या वस्तूचे वाटोळे होत असताना गरजू माणूस तज्ज्ञापुढे तोंड उघडू शकत नाही, ही तर रोजच्या जगण्यातली किती ओळखीची असहायता आहे. मालक नोकरीवरून काढतो तेव्हा चार्ली हाताने उंची दाखवत एकामागून एक पोरे उभी करतो, प्रत्येक आधीच्यापेक्षा उंच, तोही प्रसंग याच लघुपटातला. त्या प्रसंगाला एकही शब्द लागत नाही, कारण ही विनवणी कोणत्याही देशातला नोकरदार ओळखतो.

‘द इमिग्रंट’ हा १९१७ च्या जूनमधला लघुपट सगळ्यांत परिपूर्ण आहे, आणि त्याच्या घडणीची कथाही लक्षात ठेवण्याजोगी आहे. केव्हिन ब्राऊनलो आणि डेव्हिड गिल या मूकपटांच्या अभ्यासकांनी म्युच्युअल काळातल्या वापरल्या न गेलेल्या तुकड्यांचा अभ्यास करून १९८३ मध्ये जो माहितीपट केला, त्यातून असे दिसले की चित्रीकरण उपाहारगृहातल्या प्रसंगाने सुरू झाले होते, जहाज नंतर आले. उपाहारगृहात बसलेली ही दोन माणसे एकमेकांना कशी ओळखतात या प्रश्नाचे उत्तर शोधताना चॅप्लिन जहाजापर्यंत पोहोचला. नव्वद हजार फुटांहून अधिक फिल्म वापरून त्यातून दोन हजार फुटांपेक्षाही कमी राखली गेली. आज पाहताना जहाज आणि उपाहारगृह हे दोन भाग एकमेकांना जोडलेले आहेत असे वाटतच नाही, इतके ते एकजीव आहेत.

जहाजाच्या भागात हिंदकळणाऱ्या भोजनगृहात एकच वाडगा टेबलावरून इकडून तिकडे सरकतो आणि समोरासमोर बसलेले दोघे आपापल्या बाजूला तो आला की एकेक घास उरकतात. मग पडद्यावर मजकुराची पाटी येते, स्वातंत्र्याच्या भूमीत आगमन झाल्याचे सांगणारी. स्वातंत्र्यदेवतेचा पुतळा दिसतो, सगळे डेकवर उभे राहून तिच्याकडे पाहत असतात आणि त्याच क्षणी अधिकारी दोर आणून त्या सगळ्यांना गुरांसारखे एका बाजूला ढकलून बांधून टाकतात. त्याच वर्षी फेब्रुवारीत अमेरिकेने स्थलांतरितांवर साक्षरता-परीक्षेची अट घालणारा कायदा केला होता, हे ध्यानात घेतले की या दोन-तीन दृश्यांचे धारिष्ट कळते. त्यावर भाष्य करणारी एकही पाटी चॅप्लिन घालत नाही. चार्ली पुतळ्याकडे पुन्हा एकदा, जरा संशयाने पाहतो, एवढेच.

पण माझ्या मते या लघुपटाचा कळस उपाहारगृहात आहे. चार्लीला रस्त्यात एक नाणे सापडते, ते तो खिशात टाकतो, आणि खिसा फाटका असल्यामुळे ते खाली पडते हे त्याला कळत नाही. तो आत येतो, शेंगदाण्यांच्या दाण्यांएवढ्या घेवड्याच्या बिया चवीने खातो, शेजारच्या टेबलावर जहाजावरची मुलगी, म्हणजे नटी एडना पर्व्हियन्स, दिसल्यावर तिलाही जेवायला बसवतो. तिच्या हातातल्या काळ्या काठाच्या रुमालावरून तिची आई गेली हे त्याला कळते आणि आपल्यालाही. तेवढ्यात एका गिऱ्हाइकाला सगळे वेटर मिळून बदडून काढतात. का, तर बिलात दहा सेंट कमी पडले. इथून पुढची दहाएक मिनिटे हा चित्रपट फक्त एका नाण्याकडे पाहतो: ते आहे की नाही, सापडले तर उचलता येईल का, उचलले तर ते खरे आहे का. एरिक कॅम्पबेलचा दांडगा वेटर ते नाणे चाचपून वाकवतो आणि चार्लीची नजर आधीच दारापर्यंतचे अंतर मोजू लागलेली असते. मग एक चित्रकार टेबलावर येऊन बसतो, बिल मी देतो म्हणतो, चार्ली शिष्टाचार म्हणून नको-नको म्हणतो, आणि एकदा जास्तच नको म्हटल्यामुळे चित्रकार आग्रह सोडून देतो. पैसे नसलेल्या माणसालाही आब राखण्यासाठी नाही म्हणावे लागते आणि ते किती वेळा म्हणावे याचा हिशेब चुकला तर मार खावा लागतो. ही गोष्ट शंभर पानांत समजावून सांगता आली असती, चॅप्लिनने ती मानेच्या दोन-तीन हालचालींत सांगितली आहे. शेवटी चित्रकाराने वेटरसाठी ठेवलेल्या सुट्या पैशांतूनच तो स्वतःचे बिल भागवतो. १९९८ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदणीत या लघुपटाचा समावेश झाला.

‘ईझी स्ट्रीट’ याच्या तोडीचा आहे, मात्र त्याचा स्वभाव वेगळा आहे. इंग्रजी ‘टी’ अक्षराच्या आकाराची, विटांच्या घरांची ती गल्ली स्टुडिओत बांधलेली असली तरी तिच्यावर दक्षिण लंडनची, म्हणजे चॅप्लिनच्या बालपणीच्या रस्त्यांची छाप स्पष्ट आहे. वयाच्या सातव्या वर्षी आई आणि भावाबरोबर लॅम्बेथच्या अनाथ-निर्धनांच्या आश्रमगृहात राहिलेल्या माणसाने ही गल्ली रचली आहे. पोलिसात भरती झालेला चार्ली गल्लीतल्या महादांडगट गुंडाचे डोके रस्त्यावरच्या दिव्यात अडकवून गॅस सोडतो, हा प्रसंग सर्वांना आठवतो. चित्रीकरणात तो दिवाच चॅप्लिनच्या नाकावर आदळला आणि काम काही काळ थांबवावे लागले. मला मात्र दोन लहान जागा जास्त मोलाच्या वाटतात. एक बाई भुकेपोटी खाण्याचे पदार्थ चोरताना सापडते, आणि गणवेशातला चार्ली तिची करुण कहाणी ऐकून, झोपलेल्या विक्रेत्याच्या गाड्यावरून तिच्यासाठी आणखी माल उचलून तिची ओंजळ भरतो. दुसरी जागा म्हणजे एका खोलीत दाटीने भरलेली असंख्य पोरे आणि त्यांचा किरकोळ अंगाचा बाप; चार्ली त्या पोरांपुढे खाऊ असा उधळतो, जसे कोंबड्यांना दाणे टाकावेत, आणि बापाकडे आदराने पाहून आपल्या छातीवरचा पोलिसी बिल्ला त्याच्या छातीवर लावतो. गरिबीबद्दल कणव आणि गरिबांच्या पोरवड्याबद्दल हसू या दोन्ही गोष्टी त्या एका हालचालीत आहेत, आणि त्यातली कोणती किती हे प्रेक्षकाने ठरवायचे आहे. याच गल्लीत नशेची सुई टोचून घेणारा माणूसही आहे. विनोदी लघुपटात हे १९१७ साली सहज दाखवता येत होते, ही माहिती अनेकांना नवी असेल.

नोकरीच्या जागांवरचे लघुपट थोडे वरखाली आहेत. ‘द फ्लोअरवॉकर’मध्ये मोठ्या दुकानातला सरकता जिना हेच मुख्य आकर्षण आहे आणि १९१६ च्या प्रेक्षकांपैकी अनेकांसाठी तो जिना अजून नवलाचा होता. चार्ली त्यावर उलटा धावतो आणि जागच्या जागी राहतो. त्याहून तीक्ष्ण आहे ती सुरुवात: फाटक्या कपड्यांतल्या चार्लीवर दुकानाची नजर खिळलेली असताना चांगल्या कपड्यांतली गिऱ्हाइके बिनदिक्कत वस्तू लांबवतात आणि वरच्या मजल्यावर व्यवस्थापकच तिजोरी रिकामी करायच्या तयारीत असतो. ‘द रिंक’मध्ये तो वेटर आहे आणि गिऱ्हाइकाच्या अंगावर सांडलेल्या डागांवरून त्याने काय-काय खाल्ले याचा हिशेब करून बिल लिहितो. स्केटिंगचा भाग पाहण्यासारखा आहे, पण रोजच्या जगण्याच्या दृष्टीने मला ते बिलच जास्त आवडले. ‘बिहाइंड द स्क्रीन’मध्ये चित्रपटाच्या स्टुडिओतले मजूर दुपारच्या झोपेतून उठवल्यामुळे संप करतात. जेवणाच्या सुट्टीत शेजाऱ्याच्या हातातल्या मांसाच्या हाडाचे दुसरे टोक हळूच आपल्या पावाच्या दोन तुकड्यांत धरून खाणारा चार्ली तिथेच आहे. ‘द काउंट’ शिंप्याच्या दुकानात फार छान सुरू होतो आणि मेजवानीत गेल्यावर पातळ होतो. ‘द फायरमन’ सगळ्यांत उथळ, तरी आगीच्या बंबाच्या टाकीतून कॉफी काढण्याची कल्पना त्यातही आहेच.

‘द ॲडव्हेंचरर’ हा मूळात पाठलागाचा लघुपट, पण त्यातल्या आइस्क्रीमच्या प्रसंगाबद्दल चॅप्लिनने १९१८ मध्ये एका मासिकात केलेले विवेचन या साऱ्या लघुपटांना लागू पडते. बाल्कनीतून आइस्क्रीमचा गोळा आधी चार्लीच्या पाटलोणीत जातो आणि मग खाली बसलेल्या श्रीमंत बाईच्या उघड्या पाठीत. त्याचे म्हणणे असे होते की तोच गोळा एखाद्या मोलकरणीच्या पाठीत पडला असता तर लोकांना हसू येण्याऐवजी तिची दया आली असती. प्रेक्षकांतले बहुसंख्य गरीब असल्यामुळे डामडौलात राहणाऱ्याची फजिती त्यांना सुखावते. हा नियम डोक्यात ठेवून संच पाहिला की प्रत्येक लघुपटात कोणावर हसायचे याची निवड किती विचारपूर्वक केलेली आहे ते लक्षात येते. ‘द क्युअर’मध्ये पायाला पट्ट्या गुंडाळलेला श्रीमंत रोगीच फिरत्या दारात अडकतो, हमाल अडकत नाही.

या नियमाला अपवादही आहेत, आणि ते झाकून ठेवण्याचे कारण नाही. ‘द व्हॅगाबाँड’मधले जिप्सी क्रूर आणि गलिच्छ, असा ठराविक साचा आहे. ‘बिहाइंड द स्क्रीन’मध्ये चार्ली पुरुषवेषातल्या एडनाचे चुंबन घेतो तेव्हा ते पाहणारा कॅम्पबेल ज्या प्रकारे लचकून दाखवतो तो विनोद आज खटकतो. त्याहून मोठी उणीव स्त्रियांच्या चित्रणात आहे. एडनाचा चेहरा बोलका आहे आणि ‘द इमिग्रंट’मध्ये ती चार्लीच्या बरोबरीने उभी राहते, पण एरवी तिच्या वाट्याला वाट पाहणे, वाचवले जाणे आणि शेवटच्या दृश्यात हसणे एवढेच येते. पुरुष कसे राबतात हे या लघुपटांतून सविस्तर कळते. बायका कशा राबतात हे कळण्यासाठी ‘द पॉनशॉप’च्या स्वयंपाकघरातली थोडीशी मिनिटे सोडली तर फारसे काही हाती लागत नाही, आणि तिथेही कपबश्या कपडे पिळायच्या यंत्रातून काढून वाळवणारा चार्लीच लक्ष वेधून घेतो. ‘वन ए.एम.’मध्ये मद्यधुंद श्रीमंत माणूस मध्यरात्री आपल्याच घरात वस्तूंशी झुंजतो. अंगविक्षेपांच्या कौशल्याचा तो नमुना म्हणून ठीक आहे, पण समोर दुसरा माणूस नसल्यामुळे तो मला कोरडा वाटतो. भिंतीत दुमडणाऱ्या पलंगाशी चाललेली झटापट तर फारच लांबते.

संगीताबद्दल थोडक्यात सांगतो. वाद्यवृंदाचे संगीत आणि मोजक्या वाद्यांवर सुचेल तसे केलेले वादन असे दोन्ही प्रकार संचात आहेत. मला दुसरा प्रकार अधिक रुचला, कारण मोठा वाद्यवृंद प्रत्येक धपाट्याला टाळी दिल्यासारखा वाजू लागला की चॅप्लिनने हालचालींत ठेवलेले विराम बुजून जातात. ‘द इमिग्रंट’मधल्या नाण्याच्या प्रसंगाला तर शांतताच हवी.

सोबतच्या माहितीपटांपैकी केव्हिन मॅकडोनल्डने १९९६ मध्ये केलेला एरिक कॅम्पबेलवरचा माहितीपट आवर्जून पाहावा. बारांपैकी अकरा लघुपटांत या धिप्पाड नटाने मालक, वेटर, गुंड, शिंपी, रोगी अशा भूमिकांतून चार्लीच्या वाटेतला डोंगर उभा केला, आणि म्युच्युअलचा शेवटचा लघुपट प्रदर्शित झाल्यावर दोनच महिन्यांनी, डिसेंबर १९१७ मध्ये, मोटार अपघातात तो गेला. भुवया रंगवून वर वळवलेला तो चेहरा घाबरवणारा आहे, पण जवळून पाहिल्यावर त्यात एक विलक्षण संयम दिसतो. बलदंड माणसाने आपली ताकद समोरच्या लहानखुऱ्या नटाच्या वेगाशी कशी जुळवून घ्यावी, हे तो फार उत्तम जाणत होता. चार्लीवर येणारे सततचे दडपण त्याच्याशिवाय खरे वाटले नसते. सर्ज ब्रॉम्बर्ग आणि एरिक लांज यांचा दुसरा माहितीपट चार्लीच्या भटक्या रूपाचा जन्म आणि वाढ सांगतो. मूकपट पहिल्यांदाच पाहणाऱ्याने तो आधी पाहिला तरी चालेल.

संच तारखांच्या क्रमाने लावलेला आहे आणि अभ्यासकासाठी तो क्रम योग्यच आहे. पण नव्या प्रेक्षकाने ‘द फ्लोअरवॉकर’पासून सुरुवात करून ओळीने पाहत जाऊ नये, कारण पहिले चार-पाच लघुपट उरलेल्यांच्या मानाने सैल आहेत आणि तिथेच उत्साह ओसरू शकतो. आधी ‘द पॉनशॉप’, मग ‘ईझी स्ट्रीट’, मग ‘द इमिग्रंट’ असे पाहावे, आणि एका बैठकीला दोनांपेक्षा जास्त पाहू नयेत. प्रत्येकी वीस-पंचवीस मिनिटांचे हे लघुपट चित्रपटगृहात इतर कार्यक्रमाच्या जोडीने दाखवण्यासाठी केलेले होते. सलग पाहिले की लाथा आणि पाठलाग एकमेकांत मिसळून जातात आणि बारकावे निसटतात. घरात लहान मुले असतील तर त्यांच्यासोबत ‘द रिंक’ आणि ‘द ॲडव्हेंचरर’ पाहावेत. पाट्या थोड्याच आहेत आणि त्या मोठ्याने वाचून दाखवल्या तर मुलांना दुसरे काही समजावून सांगावे लागत नाही. ‘ईझी स्ट्रीट’मधला सुईचा प्रसंग लक्षात घेऊन तो मात्र जरा मोठ्या मुलांसाठी राखून ठेवावा.